पोहता येत असल्याचा दाखला

सही करण्याआधी मी पोरांचे केस पिळायचो. निवृत्तीच्या दिवसापर्यंत हा माझा नेम होता. पोर तलावातून निथळत बाहेर आलं की त्यानं थेट माझ्या टेबलासमोर उभं राहायचं. मी त्याचे केस मुठीत धरायचे, पिळायचे, टेबलावर पाण्याची धार पडली की मगच पेनाचं टोपण काढायचं. मुलींच्या वेण्या पिळायचो. टॉवेलनं डोकं पुसून आलेल्या पोराला परत पाण्यात पाठवायचो. आमच्या सगळ्या फायलींवर डाग पडले होते. तपासणीला आलेल्या एका साहेबांनी विचारलं, हे डाग कशाचे? मी म्हणालो, "साहेब, गोदावरीला पूर आला होता, तो ऑफिसात शिरला." साहेब नवे होते. गोदावरी लातुरात नाही हे त्यांच्या लक्षात यायला त्यांचा चहा संपला.

मी थापाड्या माणूस आहे. हे आधीच सांगितलेलं बरं, म्हणजे पुढे जे येणार आहे त्यातलं काय धरायचं आणि काय सोडायचं ते तुम्हाला ठरवता येईल.

उमरीकडच्या आमच्या गावात पोहायला कुणी शिकवत नसे, ढकलत असत. मी सात वर्षांचा असताना मामानं माझ्या पाठीला रॉकेलचा रिकामा डबा बांधला, विहिरीच्या काठावर उभं केलं आणि म्हणाला, "ते बघ रे, कासव." मी वाकलो. खाली गेल्यावर कळलं की कासव नाही, आणि डब्याला भोक आहे. डबा माझ्या आधी बुडायला लागला. मी पहिल्यांदा हात मारले ते स्वतःला वाचवायला नव्हे, डबा हरवला तर मामी मारेल म्हणून. पुढे नांदेडला शाळेला आलो आणि मला नदी मिळाली. एकदा पुरात मी या घाटावरून उडी टाकली आणि पलीकडच्या काठाला निघालो तेव्हा माझ्यासोबत एक म्हैस, घराची दोन दारं आणि एक जिवंत कोंबडा होता, असं मी आयुष्यभर सांगत आलो. त्यातला कोंबडा खरा आहे.

राज्याचा विजेता झालो हेही खरं. चषक मिळाला तो एवढा मोठा की माझ्या मायनं त्यात ज्वारी भरून ठेवली आणि उरलेल्या जागेत मांजर व्यालं. विजेत्याला सरकार नोकरी देतं. मला दिली, आणि काही वर्षांनी नवा जिल्हा झाला तेव्हा लातूरला क्रीडा अधिकारी म्हणून पाठवलं.

नव्या जिल्ह्यात माझ्याआधी माझा शिक्का पोचला होता. गोल, जांभळ्या शाईचा, कोरा करकरीत. शिक्का होता, खुर्ची नव्हती. मी दोन महिने सिमेंटच्या पोत्यावर बसून कारभार केला. क्लार्क उदगीरचा, हजरजबाबी. शिपाई देगलूरकडचा, वयानं माझ्या बापासारखा, अर्धं मराठी नि अर्धं तेलुगू बोलणारा. आणि ऑफिसच्या मागं जिल्ह्याचा नवा जलतरण तलाव. पंचवीस मीटर लांब, फरशी निळी, शिड्या चकचकीत. एकच गोष्ट नव्हती. शिपाई रोज सकाळी काठावर जाऊन आत बघून यायचा आणि मला खबर द्यायचा, "नीळ्ळू लेदू, सर." पाणी नाही.

पाणी कुठंच नव्हतं. जिल्हा झाला आणि दुष्काळही त्याच्यासोबतच रुजू झाला म्हणा. एक वर्ष गेलं, दुसरं गेलं, तिसरंही तसंच. टँकर आला की गल्लीतली माणसं भांडीकुंडी घेऊन अशी धावायची की त्यांची वेळ नोंदवली असती तर राज्याचे सगळे विक्रम लातुरात आले असते. खेड्यांत बाया कोरड्या विहिरीच्या तळाशी उतरून वाटीनं पाणी उपसायच्या. रोजगार हमीवर माणसं त्याच विहिरी आणखी खोल करत होती. पाच पुरुष होती ती विहीर आठ पुरुष झाली. पाणी लागलं नाही, खोली तेवढी वाढली. ही खोली लक्षात ठेवा.

अशात वरून पत्र आलं. नव्या जिल्ह्यानं उन्हाळ्यात जलतरणाचं शिबिर घ्यावं, शिकलेल्यांना दाखले द्यावेत, यादी पाठवावी. नाहीतर नव्या जिल्ह्याची पोरं राज्याच्या स्पर्धेत जुन्या जिल्ह्याच्या नावानं उतरतील.

"सर, लिहून टाका, पाणी न्हाई म्हणून," क्लार्क म्हणाला.

"आणि ते काय लिहितील? बाकीच्या जिल्ह्यांत आहे म्हणून?"

"मग काय करता? कोरड्यात पोहता का?"

तो चेष्टेत बोलला होता. मला ती कल्पना वाटली.

तालुक्या-तालुक्यांतून मुलं मागवली. मला वाटलं होतं, कुणी येणार नाही. एक्केचाळीस आली. का आली ते दुपारी कळलं. शिबिरासाठी एक टँकर मंजूर झाला होता, पिण्यापुरता. तो लागला आणि पोरं रांग मोडून नळाला तोंड लावून बसली. आईबापांनी पोहायला नव्हे, पाणी प्यायला पाठवली होती. त्यात एक बारा वर्षांची मुलगी होती, जळकोटच्या पलीकडच्या एका खेड्यातल्या लिंगायत दुकानदाराची. गळ्यात चांदीच्या डबीत लिंग, तेलानं चापून घातलेल्या दोन वेण्या. ती इतकी प्याली की मी म्हणालो, "अक्का, थांब. टँकरवाल्याला परत जायचंय, चाकं तरी ठेव."

ती तोंड पुसत म्हणाली, "सर, पोहायला येवढंच पाणी लागतं का अजून लागतं?"

मी खदखदून हसलो. नीट उत्तर दिलं नाही.

दहा दिवस मी कोरड्या तलावाच्या तळाशी शिबिर चालवलं. शाळेतली बाकडी आणली. पोरं बाकड्यावर पालथी, हात पुढं, पाय मागं, एक दोन, एक दोन. बोटं जुळवायची, फट राहिली की पाणी निसटतं. श्वासासाठी एक घमेलं. त्यात तांब्याभर पाणी, प्रत्येकानं तोंड बुडवून दहा मोजायचे. एक्केचाळीस तोंडं बुडून झाली की ते पाणी शिपाई आपल्या शेळीला पाजायचा. पुढं त्या शेळीनं दीड लिटर जास्त दूध दिलं, असं मी सांगायचो.

आणि पोरांना मी काय काय सांगितलं! गोष्टी सांगायला मला पाणी लागत नव्हतं. म्हैस, दारं, कोंबडा, सगळं सांगितलं. एकानं विचारलं, "सर, पण पाण्यात बुडलं तर?" मी बाकावर उभा राहिलो. म्हणालो, "पोहणं म्हणजे काय? हात, पाय आणि दम. तिन्ही तुम्हाला आले. पाण्याचं काम एकच, उचलून धरायचं. ते पाणी आपोआप करतं. त्याला कुणी शिकवत नाही."

पोरांनी टाळ्या वाजवल्या. ती मुलगी वाजवत नव्हती. ती ओठ हलवून ते पाठ करत होती.

शेवटच्या दिवशी परीक्षा. तळावर पोती टाकली, पोत्यांवर पालथं पडून हात मारत सरपटत पंचवीस मीटर. शर्यत बघायला अर्धं गाव काठावर. लोक पोट धरून हसत होते. तीन वर्षांत लातूर एवढं हसलं नव्हतं. मुलगी पहिली आली. कोपरं सोलली होती, गुडघ्यांतून रक्त. तिचे अप्पा काठावरून ओरडत होते, "मार हात! मार!" दाखले छापूनच आले होते, पुण्याकडच्या मजकुराचे. 'पंचवीस मीटर अंतर पोहून उत्तीर्ण.' 'सरपटून' असं लिहायला त्यात जागा नव्हती. मी एक्केचाळीस सह्या केल्या आणि माझा जांभळा शिक्का एक्केचाळीस वेळा दाबला. क्लार्क बाजूला उभा होता. म्हणाला, "सर, वर एक ओळ टाकू का? पाण्याशिवाय, म्हणून?"

"कशाला दाखला नासवतोस?" मी म्हणालो.

पुढच्या वर्षी पाऊस आला. तो कसा आला ते मी सांगणार नाही, माझ्या तोंडी तो उगाच वाढेल. एवढंच सांगतो की आठ दिवसांत तलाव पुरुषभर भरला, नुसत्या पावसानं. शिपाई नाचत आला, "सर, नीळ्ळू! नीळ्ळू!" मी गावातल्या शिबिरार्थींना निरोप धाडला. अकरा पोरं होती लातूरची. आली, कपडे काढले. मी शिट्टी गळ्यात अडकवायला वळलो, तेवढ्यात चौघांनी, दाखला मिळालेले पट्टीचे पोहणारे ते, एक दोन तीन म्हणून उड्या टाकल्या.

चौघंही दगडासारखी खाली गेली.

एकही वर आलं नाही. हातही दिसला नाही. मी शिट्टीसकट, चपलांसकट आत. दोघांना केसांना धरून वर काढलं, एकाला चड्डीला. चौथं शिडीच्या पायाला मिठी मारून बसलं होतं, त्याची बोटं एकेक करून सोडवावी लागली. काठावर पालथी घातली. चौघंही ओकली, चौघंही वाचली. मी मात्र उठलो नाही. क्लार्क शेजारी येऊन उकिडवा बसला. मग म्हणाला, "सर, बाहेर तीस हायेत."

बाहेर. खेड्यांत. आठ पुरुष खोल विहिरींच्या काठावर, आणि त्या विहिरी आता भरत होत्या. त्या पोरांनी विहीर म्हणजे कोरडा खड्डा एवढंच पाहिलेलं. तीन-चार वर्षांत कुणाच्या मामानं कुणाला ढकललं नव्हतं, ढकलणार कशात? त्यांच्याकडे होता तो माझा कागद.

अकरा तिथंच परत घेतले. दुसऱ्या दिवशी मोटारसायकल काढली, मागं क्लार्क, त्याच्या मांडीवर यादी. औसा, निलंगा, अहमदपूर, उदगीर. दिवस दिवस चिखलात. तुम्हाला वाटेल, लोकांनी कागद दिले असतील. कागद देत नव्हते. कुणी चौकट करून देव्हाऱ्याशेजारी लावलेला, कुणी ट्रंकेत साड्यांच्या घडीत. "नोकरीला कामाला येतंय की साहेब, खेळाचा कागद." एका म्हातारीनं मला सांगितलं, "लेकरानं मिळवलंय, तुमी आता परत मागायलाव. दिलेलं परत घेतेत का कुठं?" मी सांगायचो, मावशी, याला पोहता येत नाही. ती सगळ्या गल्लीला ऐकू जाईल असं म्हणायची, "मग तुमी काय शिकवलाव?"

मग मी थाप मारायचो. नवा दाखला येतोय, यापेक्षा मोठा, रंगीत, जुना जमा केल्याशिवाय मिळत नाही. थापेला कागद निघायचा. खऱ्याला निघत नव्हता. कागद हातात आला की मी पोराला समोर उभं करायचो, खांदे धरायचो, "विहिरीत जायचं नाही. तुला येत नाही. म्हण, मला येत नाही." पोर रडवेलं होऊन म्हणायचं. मगच पुढं जायचो.

तीन दिवसांत एकोणतीस. राहिला एक, जळकोटच्या पलीकडचा.

यादी माझी होती, रस्ता मी ठरवत होतो. जळकोट दुसऱ्या दिवशीच वाटेत होतं. क्लार्क म्हणालाही, "सर, वळायचं का? ओढा भरायच्या आत होऊन जाईल." मी म्हणालो, ती शेवटी. का? कारण ती पहिली आली होती. ती हुशार होती, तिचे हात सरळ पडत होते, दम मोठा होता. आधी कच्च्यांना गाठू. माझ्या डोक्यात ती एक्केचाळिसांत सगळ्यात चांगली पोहणारी होती. मीच सही केलेल्या कागदावर मीच विश्वास ठेवला.

चौथ्या दिवशी ओढा भरून वाहत होता. गाडी क्लार्कपाशी ठेवली आणि मी पोहून पलीकडे गेलो. दाखले रबरी पिशवीत, पिशवी डोक्याला बांधलेली. पोट सुटलं होतं, दम लागला, पण गेलो. गावात शिरलो तर दुकान बंद, गल्ली मोकळी. एका घराच्या ओट्यावर आंधळा म्हातारा बसला होता. त्यानं पावलं ऐकून विचारलं, "कोन? हिरीवर न्हाई गेलाव का?"

मी पळत सुटलो.

विहिरीभोवती अख्खं गाव. बाया कळशा घेऊन उभ्या. त्यांच्यातली एक सांगत होती, कुणाला तरी, सगळ्यांना, परत परत: "म्या म्हनलं दोर बांध. तर म्हनली, मावशी, मला येतंय. दाखला हाय. पाणी आपोआप उचलतंय म्हनली. आसं म्हनली बगा, आपोआप."

दोन गडी कठड्याला धरून पाण्यात पाय सोडून बसले होते. त्यांना पोहता येत होतं, पण त्यांनाही बुडी मारून एवढ्या खोल जाणं जमत नव्हतं. मी उडी टाकली. पहिल्या बुडीत तळ लागला नाही. दुसऱ्या बुडीत माझे कान फुटायला आले. तिसऱ्या बुडीत वेणी हाताला लागली. ती तळाशी होती, जिथं मागल्या उन्हाळ्यात ती वाटी घेऊन बसायची म्हणतात, त्या झऱ्यापाशी. दोन्ही हात पुढं. बोटं जुळलेली होती.

हे मी वाढवून सांगितलेलं नाही.

वर आणलं. पोटातलं पाणी काढलं, तोंडाला तोंड लावून फुंकलं, किती वेळ ते माहीत नाही. शेवटी कुणीतरी मला खांद्याला धरून मागं ओढलं. तिच्या मायनं तिचं डोकं मांडीवर घेतलं आणि तिच्या वेण्या पिळायला लागली. आधी एक, मग दुसरी. न्हाऊन आलेल्या पोरीच्या पिळतात तशा. पाणी पडत होतं, मातीत जिरत होतं, आणि ती पुन्हा पिळत होती.

बायांचं ठरून गेलं होतं. पाण्यातल्या आसरांनी नेली. पाणी चार वर्षांनी आलं, आसरा उपाशी होत्या, विहिरीला हिरव्या बांगड्या कुणी वाहिल्या नव्हत्या. पोहता येणारी पोर दुसरी कशानं बुडंल? माणसंही माना डोलावत होती. मी अप्पांना बाजूला घेतलं, त्यांच्या दुकानाच्या ओट्यावर. अंगावर ओले कपडे, डोक्याला ती रबरी पिशवी अजून बांधलेली.

म्हणालो, "अप्पा, आसरा नाहीत. तिला पोहता येत नव्हतं. मी खोटं लिहिलं. तिला मी पाण्यात कधी उतरवलंच नाही, तुम्ही होताच की काठावर."

अप्पांनी माझ्याकडे पाहिलं. ते रडत नव्हते. ते म्हणाले, "साहेब, ती पहिली आली होती."

"पोत्यावर, अप्पा. पोत्यावर सरपटून."

"पहिली आली होती का न्हाई?"

"आली होती."

"मग आता मेलेल्या लेकराची परीक्षा परत घेऊ नका."

जन्मात एकदा सरळ खरं बोललो होतो आणि ते घ्यायला माणूस नव्हता.

त्यांच्यात जाळत नाहीत, बसवून पुरतात. दिवस कलायच्या आत खड्डा झाला. जंगमस्वामी आले. तिच्या कपाळाला, हातांना विभूती लावली, लिंग डाव्या तळहातावर ठेवलं, बेलाची पानं घातली. मी गावकऱ्यांत उभा होतो. रबरी पिशवीत माझे चाळीस दाखले होते, एकही भिजला नव्हता.

अप्पा घरात गेले आणि चौकट घेऊन आले. दगडावर टेकवून मागची पट्टी काढली, काच बाजूला केली, म्हणाले, काच मातीत नको, कुणाला तरी लागंल. कागद हातात धरला. मी हात पुढं केला होता की काय, मला आठवत नाही. केला असेल. तेवढा एकच तर राहिला होता.

त्यांनी तो मला दिला नाही. वळून दाखवला फक्त. जांभळा शिक्का तसाच होता, काचेखाली राहून उलट जास्तच उठून दिसत होता. त्याच्या खाली बोट ठेवून त्यांनी विचारलं, "ही सही तुमचीच न्हवं, साहेब?"

सगळं गाव माझ्या तोंडाकडे बघत होतं. तिची माय बघत होती.

"हाव," मी म्हणालो. "माझीच."

त्यांनी मान हलवली, खड्ड्यात उतरले, आणि कागद घडी न घालता तिच्या मांडीवर ठेवला.